शब्दचर्चा : निर्माता, नवोदित आणि ‘संधी देणे’

प्रश्न : स्वीडिश चित्रपटनिर्माते लॉरेन्स मार्मस्टेट (१९०८–१९६६) यांच्याविषयी टिपण लिहीत आहे. त्यांना ‘उदयोन्मुख दिग्दर्शकांना संधी देणारा निर्माता’ म्हणणे योग्य होईल का?

उत्तर : वाक्य व्याकरणदृष्ट्या निर्दोष आहे, परंतु त्यातले तिन्ही शब्द तपासून घ्यावेत असे मला वाटते.

आधी ‘निर्माता’. बोलण्यात आपण हा शब्द बहुतेक वेळा पैसे घालणाऱ्यासाठी वापरतो. मूळ संस्कृत धातू मात्र ‘मा’, म्हणजे मोजणे, हा आहे. ‘निर्’ लागल्यावर त्याला मापून रचण्याचा अर्थ येतो. मार्मस्टेट यांना हा जुना अर्थच अधिक शोभतो. स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमन यांचे ‘आमच्या प्रेमावर पाऊस पडतो आहे’ (१९४६) आणि ‘भारताकडे जाणारे जहाज’ (१९४७) हे चित्रपट ‘स्वेरियेस फोल्कबिओग्राफेर’ या संस्थेचे होते, तरीही त्यांचे निर्माते मार्मस्टेटच होते. म्हणजे संस्था एकाची आणि निर्मिती दुसऱ्याची, असे तिथे सरळ घडत होते. पुढचे दोन, ‘अंधारातले संगीत’ (१९४८) आणि ‘तुरुंग’ (१९४९), त्यांनी १९३८ साली स्थापन केलेल्या ‘टेराफिल्म’ या स्वतःच्या संस्थेतून काढले. आपल्याकडे व्यावसायिक नाटकाच्या क्षेत्रात ‘निर्माता’ म्हटले की संहिता निवडण्यापासून दौरे लावण्यापर्यंत सगळ्यात असणारा माणूस डोळ्यांपुढे येतो; त्या छटेने हा शब्द इथे खुशाल वापरावा. ‘वित्तपुरवठादार’ किंवा ‘आश्रयदाता’ हे शब्द मात्र टाळावेत.

‘उदयोन्मुख’ म्हणजे उदयाकडे तोंड असलेला, अजून न उगवलेला. ‘नवोदित’ म्हणजे नुकताच उगवलेला. वर्तमानपत्रांत हे दोन्ही सरसकट एकमेकांच्या जागी येतात, परंतु या प्रकरणात फरक राखणे आवश्यक आहे. १९४६ साली बर्गमन २८ वर्षांचे होते आणि स्वेन्स्क फिल्मइंडस्ट्री या चित्रपटसंस्थेसाठी केलेला त्यांचा पहिला चित्रपट ‘संकट’ नुकताच सपशेल पडला होता. पहिला चित्रपट पडद्यावर येऊन गेलेल्या दिग्दर्शकाला मी ‘नवोदित’ म्हणेन. मार्मस्टेट यांचे मोल कळते तेही इथेच, कारण ज्याने अजून काहीच केलेले नाही अशा होतकरू माणसावर भरवसा टाकणे तुलनेने सोपे असते, पडलेल्या माणसाला लगेच दुसरा चित्रपट देणे फार अवघड.

राहिले ‘संधी देणे’. माझा खरा आक्षेप या शब्दप्रयोगाला आहे. संधी देणाऱ्याचे काम दार उघडून संपते. मार्मस्टेट यांचे काम त्यानंतर सुरू होत असे. ते स्वतः आधी चित्रपटसमीक्षा लिहीत, १९३० च्या दशकात त्यांनी दिग्दर्शनही केले होते, त्यामुळे रशेस, म्हणजे संकलनाआधीचे कच्चे चित्रीकरण, पाहताना त्यांच्या नजरेतून काही सुटत नसे. ‘तू म्हणजे फ्रेंच दिग्दर्शक मार्सेल कार्ने नाहीस आणि तुझा नायक बिर्गर माल्मस्टेन हा फ्रेंच अभिनेता जाँ गाबाँ नाही,’ असे त्यांनी तोंडावर ऐकवल्याचे बर्गमन यांनीच पुढे लिहून ठेवले आहे. स्वतःचे चित्रीकरण भावनेच्या आहारी न जाता, थंडपणे पाहायला आपण अशा टीकेतून शिकलो, असेही बर्गमन मानत. ‘भारताकडे जाणारे जहाज’ चालले नाही, तरी मार्मस्टेट यांनी हात काढून घेतला नाही. दाग्मार एडक्विस्ट यांच्या कादंबरीवरचा ‘अंधारातले संगीत’ त्यांनी बर्गमन यांच्याकडे दिला, आणि तो लोकांना आवडल्यावर त्यांनाच त्यांच्या स्वतःच्या पटकथेवरचा ‘तुरुंग’ अगदी तुटपुंज्या खर्चात करू दिला. त्यामुळे इथे ‘घडवणे’ हेच क्रियापद हवे. ‘जोपासणे’ही चालले असते, परंतु त्यात जी कोवळीक आहे ती या दोघांच्या व्यवहारात फारशी दिसत नाही.

‘दिग्दर्शकांना’ हे अनेकवचन ठेवायचे असेल, तर दिग्दर्शक हासे एकमन यांचा उल्लेख अवश्य करावा. त्यांचा ‘मुलगी आणि हायसिंथ’ (१९५०) हाही मार्मस्टेट यांचीच निर्मिती आहे.

उपप्रश्न : ‘स्वीडिश चित्रपट’ म्हणावे की ‘स्वीडिशभाषक चित्रपट’?

उत्तर : ‘भाषक’ म्हणजे भाषा बोलणारा माणूस, चित्रपटाला ते विशेषण लावू नये. मार्मस्टेट यांचे काम स्वीडनमधले असल्याने ‘स्वीडिश चित्रपट’ पुरते. फिनलंडमध्येही स्वीडिश ही राष्ट्रभाषा आहे, आणि ‘भारताकडे जाणारे जहाज’ ज्या नाटकावर आधारलेले आहे त्याचे लेखक मार्टिन सॉडरयेल्म हे फिनलंडमधलेच होते. तिथल्या साहित्याचा किंवा चित्रपटांचाही समावेश करायचा असेल, तेव्हा ‘स्वीडिश भाषेतील’ असे स्पष्ट लिहावे.