ओट्स-बेदाण्यांच्या कुकीज मऊ कशा राहतील?

प्राजक्ता_मिरज: मुलीला आतून मऊ, कडेने कुरकुरीत अशा कुकीज हव्यात. घरी रोल्ड ओट्स आणि तासगावचे बेदाणे आहेत. ओव्हन छोटा, ओटीजी. ब्राउन शुगरऐवजी साधी साखर चालेल का?

कणीकतिंबा: चालेल, पण मऊपणा जाईल. ब्राउन शुगरमधली काकवी ओलावा धरून ठेवते. साध्या साखरेत चमचाभर काकवी मिसळा, काम होतं. माझं माप: लोणी ११५ ग्रॅम, साखर १००, एक अंडं, मैदा १००, ओट्स १३०, बेदाणे ७५, अर्धा चमचा सोडा, चिमूटभर मीठ, दालचिनी. मीठ अजिबात गाळू नका! बेदाणे कोमट पाण्यात दहा मिनिटं भिजवून नीट पुसून घ्या, नाहीतर ते कुकीतलाच ओलावा ओढतात. गोळे अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा, म्हणजे ते फार पसरत नाहीत. १८० अंशांवर १०-१२ मिनिटं. मध्यभाग कच्चा वाटतानाच काढा. गरम ट्रेवर तो आपोआप शिजतो.

सुगरण७२: इन्स्टंट ओट्स नकोत हो, पार लगदा होतो.

प्राजक्ता_मिरज: काकवी घरात आहेच! अंड्याशिवाय?

कणीकतिंबा: तीन चमचे दही घाला. जरा केकसारख्या होतात, पण मुलांना त्याच जास्त आवडतात.