मनाई हुकूम हातात आहे, तरी पोलीस येत नाहीत. कोर्टातून बंदोबस्त कसा मागायचा?

प्रश्न: वडिलांच्या नावे १ हेक्टर २० आर जमीन, पीकपाहणीही त्यांचीच. दिवाणी न्यायाधीश (कनिष्ठ स्तर) यांनी निशाणी ५ च्या अर्जावर (दाव्यातला तात्पुरत्या मनाईचा अर्ज) दोन्ही बाजू ऐकून तात्पुरती मनाई दिली. शेजारी अपिलात गेलेत आणि पूर्वेच्या बांधावरून ट्रॅक्टर घालतात. ठाण्यात सांगतात, "दिवाणी वाद आहे, कोर्टाचं पत्र आणा." सोयाबीन काढणीला आलंय. नवा दावा लावावा लागेल का?

उत्तर: नवा दावा नको. त्याच दाव्यात, त्याच कोर्टात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस संरक्षणाचा अर्ज द्या, सोबत वडिलांचं शपथपत्र. नुसतं अपील दाखल झालं म्हणून मनाई थांबत नाही. अपिली कोर्टाने स्थगिती दिलेली नाही हे अर्जात स्पष्ट लिहा, समोरचा वकील पहिला मुद्दा तोच काढणार.

जोडायचं काय: हुकुमाची सही-शिक्क्याची नक्कल, ठाण्यात दिलेल्या लेखी तक्रारीची पोहोच, अदखलपात्र नोंद झाली असेल तर तिची प्रत, चालू सातबारा, तारखेसह फोटो. मोबाइलमधले फोटो-व्हिडिओ पुरावा म्हणून द्यायचे तर भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३(४) चं प्रमाणपत्र लागतं. नुसत्या तोंडी तक्रारीचा कोर्टात दाखवायला पुरावा उरत नाही. ठाणेदार घेत नसतील तर स्पीड पोस्टाने पाठवा आणि पोलीस अधीक्षकांना प्रत द्या.

सगळ्यात जास्त अर्ज विनंतीच्या परिच्छेदात फसतात. "योग्य ते संरक्षण मिळावे" असं मोघम किंवा कायमचं मागितलं की कोर्ट नाखूश होतं. काम, गट नंबर, अंदाजे दिवस लिहा: "अमुक तारखेपासून चार दिवस सोयाबीन काढणी व मळणीसाठी." बंदोबस्ताचं शुल्क पडेल ते भरायची तयारीही त्यातच लिहा.

प्रश्नकर्ता: वकील म्हणतात, आदेश ३९ नियम २अ चा अर्ज करू. दोन्ही एकच का?

उत्तर: वेगवेगळे. २अ हा हुकूम मोडल्याच्या शिक्षेचा मार्ग: मालमत्ता जप्त होते, दिवाणी कैद तीन महिन्यांपर्यंत. पण त्यात हुकूम त्यांना माहीत होता आणि तरी त्यांनी तो मोडला, हे पुराव्याने सिद्ध करावं लागतं. साक्षी, उलटतपास होईपर्यंत पीक शेतात थांबत नाही. दोन्ही अर्ज स्वतंत्र द्या आणि संरक्षणाच्या अर्जावर तातडीची सुनावणी मागा.

दुसरं उत्तर: वर एक गोष्ट राहिली, आणि ती फार महत्त्वाची आहे. हुकुमात चतु:सीमा नीट आहेत का ते आजच बघा. बंदोबस्ताला आलेला हवालदार बांधावर उभा राहून हुकूम वाचतो. त्यात नुसतं "दावा मिळकत" असेल आणि दोघंही "बांध माझा" म्हणत असतील तर तो कुणालाच अडवू शकत नाही. हद्दीचाच वाद असेल तर भूमी अभिलेख उपअधीक्षकांकडे हद्द कायम मोजणीला अर्ज करा, किंवा आदेश २६ नियम ९ खाली कोर्ट कमिशनर (जागेची पाहणी करून कोर्टाला अहवाल देणारा) मागा. नकाशा हुकुमासोबत ठाण्यात गेला पाहिजे.

आदेश झाल्यावर कोर्टाचं ठाण्याला जाणारं पत्र टपालावर सोडू नका. हातबटवड्याने (स्वतः हातोहात) न्यायची परवानगी मागा आणि ठाण्याच्या आवक शिक्क्याची प्रत जपून ठेवा.

पोलीस भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६४ खाली (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं १४५; जमिनीच्या ताब्यावरून शांतताभंगाची भीती असताना होणारी कारवाई) प्रस्ताव पाठवू लागले, तर कार्यकारी दंडाधिकाऱ्यांपुढे मनाईचा हुकूम लगेच हजर करा. ताब्याबद्दल दिवाणी कोर्टाचा आदेश असताना ती समांतर कारवाई टिकणं अवघड असतं.

प्रश्नकर्ता: आणि त्यांनी बांध फोडून पट्टा बळकावलाच तर?

उत्तर: मग संरक्षणाचा अर्ज अपुरा पडेल. गेलेला ताबा परत मागावा लागेल. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ चा दावा ताबा गेल्यापासून सहा महिन्यांत लावावा लागतो आणि त्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही. स्वतः माणसं घेऊन पट्ट्यात शिरू नका. दोन्हीकडे गुन्हे दाखल होतात आणि ती एफआयआर पुढच्याच तारखेला तुमच्याविरुद्ध कोर्टात हजर होते.