रोजंदारीची वर्षं जुन्या पेन्शनला धरतात का? (नागपूर)

मंडळी, मदत हवी आहे. मोठे भाऊ नागपुरात राज्य सरकारच्या एका खात्यात १९९६ पासून रोजंदारीवर होते. औद्योगिक न्यायालयात केस जिंकून २००९ ला कायम झाले. आता खातं म्हणतं, नेमणूक १ नोव्हेंबर २००५ नंतरची, म्हणून एनपीएसच (नवी पेन्शन योजना), जुनी पेन्शन नाही. आधीची सगळी वर्षं पाण्यात, हे पटतच नाही. निकालात कायम करण्याची तारीख नाही. अर्ज केला, स्मरणपत्रं दिली, यंदा लेखी नकार आला. हजेरीपटाच्या झेरॉक्स आहेत, काहींवरची सही पुसट झालीय. रोजंदारीवरच्यांना कायम करण्याबाबतचा सुप्रीम कोर्टाचा उमादेवी निकाल (२००६) वाचलाय, पण इथे वाद मागील सेवेचा आहे. निवृत्ती पुढच्या वर्षी. मॅटच्या (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण) नागपूर खंडपीठात जावं की थेट हायकोर्टात? आणि मॅटची एक वर्षाची मुदत नकाराच्या पत्रापासून मोजतात की २००९ च्या आदेशापासून?