चेक विनोदपट: सुरुवात बोलपटांच्या आधीची

काहीजण म्हणतात की चेक विनोदी सिनेमा बोलपटांबरोबर आला. छे, त्यासाठी थेट १८९८ मध्ये जावं लागेल! चेक सिनेमाचा आद्य चित्रपटकार यान क्रिझेनेत्स्की याने फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंचा कॅमेरा वापरून केलेल्या फिल्म्स त्या वर्षी प्रागच्या वास्तुकला व अभियांत्रिकी प्रदर्शनात दाखवल्या. एकेक जेमतेम मिनिटभराची. एकीत सॉसेजविक्या आणि पोस्टर चिकटवणारा यांची गडबड आहे, पण मला 'हसू आणि रडू' जास्त आवडते. गोष्ट अशी नाहीच. फक्त योसेफ श्वाब-मालोस्त्रान्स्की या नटाचा चेहरा, जवळून. आवाज नाही, त्यामुळे सगळी भिस्त भुवया, गाल आणि ओठांवर. थोडा अतिअभिनय वाटतो खरा, पण चालतंय की! प्रागच्या राष्ट्रीय फिल्म संग्रहाने या फिल्म्स डिजिटल केल्यात, जरूर बघा.