‘आठवा घात’ की ‘घात आठ’?

मीरारोडकर: भाचीचं अकरावीचं गणित घेत होतो. (१ + आय) वर ८ लिहिलेलं उदाहरण होतं (आय म्हणजे −१ चं वर्गमूळ). मी म्हणालो ‘घात आठ’, ती म्हणते ‘आठवा घात’. बरोबर काय?

वहीवाला: भाची बरोबर. वर बारीक लिहितो तो घातांक, खालचा पाया. घात म्हणजे गुणून आलेलं उत्तर. इथे पाया १ + आय, घातांक ८ आणि आठवा घात १६. आठ कंस मांडू नका. एकदा वर्ग केला की २आय, त्याचा वर्ग −४, त्याचा १६. संपलं.

मीरारोडकर: १६ आलं! पण आय गेला कुठे, असं विचारतेय.

वहीवाला: फिरून वास्तव अक्षावर, म्हणजे साध्या संख्यांच्या आडव्या रेषेवर आला. १ + आय हा आलेखावरचा बिंदू धरा: मापांक (शून्यापासूनचं अंतर) वर्गमूळ २, कोनांक (त्या रेषेशी होणारा कोन) ४५ अंश. मापांकाचा घात करायचा, कोनांकाला मात्र घातांकाने नुसतं गुणायचं. ४५ गुणिले ८ म्हणजे ३६०, पूर्ण फेरी. चौथ्या घाताला अर्धीच झाली होती, म्हणून −४. क्लासमध्ये या नियमाला गणितज्ञाच्या नावावरून ‘डी मॉयव्हर’ म्हणतात. माणूस जन्माने फ्रेंच, तेव्हा ‘द म्वाव्र’ म्हणा. (‘कोनांक’ म्हटलं की पोरं तोंडाकडे बघतात. मी सरळ ‘कोन’ म्हणतो.)

शब्दखोर: त्या ‘-वा’चं काय करायचं? घातांक १/३ असला तर ‘एकतृतीयांशावा घात’ कोणी म्हणत नाही.

वहीवाला: तिथे घनमूळ म्हणतात. संमिश्र संख्यांत, म्हणजे आय धरलेल्या संख्यांत तर ‘घनमुळं’ म्हणायला हवं. ८ ची तीन निघतात: २, आणि −१ मध्ये आय गुणिले वर्गमूळ ३ एकदा मिळवून, एकदा वजा करून.

शब्दखोर: आणि घातांकच आय असेल तर?

वहीवाला: मग ‘-वा’ लागतच नाही. तो मोजता येईल त्याला लागतो आणि ‘आय वेळा गुणा’ याला काही अर्थ नाही. तिथे व्याख्याच वेगळी: पायाचा लॉगॅरिदम (ई या सुमारे २.७१८ संख्येवर जो घातांक ठेवला की पाया मिळतो तो) घ्यायचा, घातांकाने गुणायचा आणि तो ई वर घातांक म्हणून चढवायचा. पाया आय, घातांक आय घेतला तर उत्तर चक्क वास्तव, सुमारे ०.२०७९. ही मुख्य किंमत. आयच्या कोनात ३६० अंश मिळवत किंवा वजा करत गेलात तर आणखी अनंत किंमती, त्याही सगळ्या वास्तवच.

मीरारोडकर: मग वाचायचं कसं?

वहीवाला: फळ्यावर ‘आयचा आय घात’ खपतं. पेपरात ‘घातांक आय’ लिहा.