समेट फसल्यानंतरची मधली पोकळी

मालक आणि कामगारांच्या वादात तडजोड घडवू पाहणाऱ्या सरकारी समेट अधिकाऱ्यासमोर चर्चा सुरू असताना सेवाशर्ती (कामाच्या अटी) गोठलेल्याच असतात, म्हणजे मालकाला त्या बदलता येत नाहीत, त्यामुळे न्यायालयाची गरज नाही, असे एक मत मांडले जाते; ते अर्धेच पटते. औद्योगिक विवाद अधिनियम, 1947 च्या कलम 33 नुसार वादाशी निगडित शर्ती कामगारांचे नुकसान होईल अशा बदलायच्या, तर समेट अधिकाऱ्याची लेखी परवानगी लागत असे. पण हे बंधन मोडल्याची तक्रार कलम 33अ खाली त्याच अधिकाऱ्याकडे गेली, तर त्याला ती समेट घडवताना फक्त विचारात घेता येई, तिच्यावर निवाडा देता येत नसे.

याहून अडचणीचा मुद्दा या मतात येतच नाही. समेट फसल्याचा अहवाल सरकारला मिळताच कलम 20 नुसार समेटाची कार्यवाही संपे, आणि सरकार तो वाद न्यायनिर्णयासाठी (म्हणजे न्यायाधिकरणासारख्या मंडळाने निवाडा देण्यासाठी) सोपवेपर्यंत (यात किती महिने जातील याचा नेम नसे) कलम 33 चे संरक्षण कामगारांना नव्हते. बदलाआधी 21 दिवसांची नोटीस देण्याचे कलम 9अ चे बंधन तेवढे उरे. या अधिनियमाची जागा घेणाऱ्या औद्योगिक संबंध संहिता, 2020 मध्ये असा अहवाल मिळाल्यापासून 90 दिवसांत कोणत्याही पक्षाला थेट न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो, म्हणून ही पोकळी किती लांबवायची हे आता बऱ्याच अंशी युनियनच्या तत्परतेवर अवलंबून आहे.