वॉटर्स गेल्यावरचा पिंक फ्लॉइड भाडोत्री?

दांडियाबाजारकर:
काल इथे कुणीतरी पिंक फ्लॉइड या ब्रिटिश रॉक बँडबद्दल ठोकून दिलं, "१९८५ला वॉटर्स बँड सोडून गेला तिथेच फ्लॉइड संपला, पुढचा सगळा भाडोत्री ऑर्केस्ट्रा." डोकंच सटकलं. 'डार्क साइड' अल्बमचे शब्द सगळे वॉटर्सचे, मान्य. पण गिल्मोरची गिटार आणि राइटचा कीबोर्ड काढून नुसते शब्द ऐका बघू! त्याच राइटला 'द वॉल' अल्बमच्या वेळी वॉटर्सने बँडबाहेर काढलं आणि शोसाठी पगारावर ठेवलं. शोमध्ये बाकीच्यांना खोट गेली, कमावलं एकट्या पगारदाराने. बरं झालं!

काळी_चार:
मीच लिहिलं होतं. 'द वॉल' कोणाच्या डोक्यातून आली? १९८७च्या अल्बमला बाहेरचे वादक किती, कव्हरवर वाचा. भाडोत्री नाही तर काय?

मांडवीची_पोर:
भाडोत्री भाडोत्री काय लावलंय? 'डार्क साइड'मध्ये बिनशब्दांचं गाणारी क्लेअर टॉरी, तिच्या हातात ३० पौंड टेकवले होते. २००४ला दावा लावला तेव्हा कुठे सहरचनाकार म्हणून नाव लागलं. आपल्या बडोद्यात वेगळं काय चालतं? नवरात्रात कोरसला गायचे मी. रोज रात्री घसा फोडायचा, पोस्टरवर फोटो मुख्य गायकाचा, रेकॉर्डिंग यूट्यूबवर. विचारलं तर "बेन, ठरलेले पैसे मिळाले ने?"

दांडियाबाजारकर:
ताई, धागा फ्लॉइडचा आहे.

मांडवीची_पोर:
धागा श्रेयाचा आहे. तुम्हाला त्यात दोन श्रीमंत पुरुषच दिसतात.

तीनताली:
कोरसला पैसे तरी मिळतात. पाऊस पडला की आम्हा ऑक्टोपॅडवाल्यांची ती रात्र कापतात. पण खरं बोलू? मुख्य गायक आला नाही तर लोक पासाचे पैसे परत मागतात. कोरससाठी कोण येतो?

मांडवीची_पोर:
मग झील धरायला कुणीच नको. ओढू दे त्याला एकट्याला तीन तास. तुम्हीही घरीच बसा.

काळी_चार:
झालं गरबापुराण? बाकीच्यांनी 'पिंक फ्लॉइड' नाव वापरू नये म्हणून कोर्टात जाणं चुकलं, हे वॉटर्स स्वतःच २०१३ला बीबीसीला म्हणाला, तेव्हा मी कोण बापडा! नाव ठेवा गिल्मोर आणि ड्रमर मेसनकडे. पण २००५ला गरिबीविरोधातल्या लाइव्ह एट कॉन्सर्टसाठी लंडनच्या हाइड पार्कात वॉटर्स लागलाच ना?

दांडियाबाजारकर:
चौघे होते तिथे. राइटसकट. मोजा परत.

तीनताली:
मोजत बसा. पोरी, यंदा कोणत्या ग्राउंडवर? रेकॉर्डिंगचे पैसे वेगळे लिहून घे. आणि पावसाचंही विचार, माझ्यासाठी.